तुमचा हिरो परत आलाय, आता तुमची पाळी

भो, नव्वदच्या दशकातला तुमचा हिरो पडद्यावर परत आलाय आणि तुम्ही बनियनवर बसलात? उठा.

आधी माळ्यावरची पेटी काढा. वर दहावीची गुणपत्रिका सापडेल, ती पुन्हा खाली दाबा. आपल्याला फोटो हवाय. १९९० साली 'आशिकी' आला, त्यानंतर कधीतरी स्टुडिओत काढलेला. मागे पडद्यावर काश्मीर, पुढे तुम्ही आणि तुमचा जिगरी दोस्त, दोघांच्याही कपाळावर राहुल रॉयछाप केस. बाहेर जळगावचं ऊन, तुमच्या अंगात मात्र मागून आणलेला स्वेटर. घाम फोटोत येत नाही, हे बरं. तो ग्रुपवर टाका, खाली लिहा, 'काय दिवस होते!' नळाला पाणी नव्हतं, रात्री लाईट नव्हती, वडिलांचा हात मात्र मारायला सैल होता. तेही याच तीन शब्दांत बसवून टाका.

मग सलून. 'बरसात'मधले बॉबी देओलचे लांब कुरळे केस मागू नका. ती १९९५ ची गोष्ट, खुर्चीमागचं पोरगं तेव्हा जन्मलेलंही नव्हतं. ते म्हणेल, "काका, डोक्यावर ग्लास ठेवून नाचतो तोच ना?" हो म्हणा. २०२३ च्या 'अ‍ॅनिमल'मध्ये तो परतला, तो मुका होऊन. जुन्या हिरोला परत घेतात ते असे: दंड दाखव, बोलू नको. तुम्हाला ही भूमिका जड जाणार नाही, घरात सराव झालाय. दंडाचं तेवढं बघा.

पुढे थिएटर. 'मैने प्यार किया' ऑगस्ट २०२४ मध्ये पुन्हा लागला होता, तसा पुन्हा काही लागला की लेकीला घेऊन जा. ती विचारेल, "चिठ्ठी कबुतराकडे कशाला? फोन करायचा ना." भुसावळच्या एसटीडी बूथमध्ये बिलाचे लाल आकडे पळताना बघून तुम्ही मनातलं वाक्य कसं अर्ध्यावर तोडलं होतं, ते तिला सांगू नका. तिची आई शेजारीच बसलेली असेल, आणि तो फोन तिला केलेला नव्हता.

थंडीत शेतात भरीत पार्टी ठेवा. काड्यांवर वांगी भाजेपर्यंत जुनी गाणी लावा, शर्ट खोचू नका.

आणि ग्रुप बघत राहा. सत्तावीस अंगठे येतील, चार लाल बदाम येतील. शेवटी तुमच्या जिगरी दोस्ताचा मेसेज येईल, त्याच फोटोतल्या, तोच स्वेटर तुमच्यानंतर घातलेल्या:

"यात मी कोणता रे भो?"