पुढच्या वेळी रेकॉर्ड करू

आज जेवणाच्या सुट्टीत फोनवर 'लेजेंड्स ऑफ स्का' या माहितीपटाचे तुकडे बघत होतो. शेजारचा डोकावला. "हे म्हातारे कोण?" म्हटलं, जमैकाचे स्कावाले. "तिथे बॉब मार्ली सोडून आहे काय? आणि यावर फिल्म? लोकांना कामधंदे नाहीत."

डबा अर्धा टाकून उठलो. तेव्हापासून डोकं फिरलंय.

अरे बाबा, तुझ्या मार्लीची पहिली गाजलेली गाणी स्काच होती! स्का म्हणजे जमैकाचं नाचरं संगीत, रेगे त्याच्या नंतरचा. दोन ठोक्यांच्या मधे गिटारचा तो 'च्यक्' आणि वर ट्रॉम्बोन-ट्रंपेटची धमाल. 1962 ला देश स्वतंत्र झाला तेव्हा किंग्स्टनमध्ये हेच घुमत होतं. वाजवणारे कोण? त्यातले कितीतरी अल्फा बॉइज स्कूलची पोरं. नन्सनी चालवलेली, गरीब-निराधार मुलांची शाळा. तिथल्या सिस्टर इग्नेशियस स्वतः रेकॉर्डी लावून मुलांना ऐकवायच्या.

आमचे काका इस्लामपुरात लग्नाच्या बँडमध्ये ट्रंपेट वाजवायचे. शेवटी दात गेले, ओठ लागेना. तरी एका दिवाळीला नुसता माउथपीस तोंडाला लावून म्हणाले, "अरे, रेकॉर्ड करतोस का?" मी म्हटलं, "फोन भरलाय काका, पुढच्या वेळी."

ही फिल्म करणारा ब्रॅड क्लाइन 'पुढच्या वेळी' म्हणाला नाही. 2002 ला टोरांटोत जुने स्कावाले एकत्र आले, ते त्याने टिपलं. फिल्म यायला 2014 उजाडलं. आता म्हणा, एका अमेरिकनाने जमैकाचा ठेवा का जपायचा? खटकतं, मान्य. पण तोवर टॉमी मॅकुक, रोलंड अल्फोन्सो हे स्काचे सॅक्सोफोनवाले दोघेही 1998 मध्येच गेले होते. वाट कुणाची बघायची होती?

आणि डॉन ड्रमंड! तो ट्रॉम्बोन ऐका एकदा. 1965 च्या सुरुवातीलाच मार्गारिटाचा, त्याच्या मैत्रिणीचा, खून झाला. त्यासाठी त्याला धरलं, वेड्यांच्या इस्पितळात ठेवलं, 1969 ला तो तिथेच गेला. खुनाचं समर्थन कोण करेल? तिचंही नाव घ्यायला हवं, ती नाचायची, गायची. पण तो ट्रॉम्बोन कानातून जात नाही, काय करू. तो ज्या बँडमध्ये होता ते स्कॅटलाइट्स मुळात टिकले किती? 1964 ते 65, चौदा-पंधरा महिने. एवढ्यात जगाला पुरेल एवढं वाजवून मोकळे झाले. हातात काय पडलं? बहुतेकांना गाण्यामागे ठरलेले चार पैसे. रॉयल्टी वगैरे विसरा.

काकांना वरातीमागे किती मिळायचे, मी कधी विचारलंच नाही.

शेजारच्यावर उगाच चिडलो बहुधा. त्याला काय माहीत. माहीत मला होतं, फोन माझ्या हातात होता. भरलेला नव्हता. मला जेवायची घाई होती. काकांनी माउथपीस धोतराच्या सोग्याला पुसला, खिशात टाकला आणि म्हणाले, "बरं, जेवून घे आधी."