पोराला आधी चार खेळ खेळू तर द्या

मुरलीकांत पेटकरांचं नाव निघालं की आपल्या सांगलीकरांची छाती फुगते आणि फुगायलाच पाहिजे, पेठ-इस्लामपूरचा माणूस, 1972 ला देशाला पॅरालिम्पिकचं पहिलं गोल्ड मिळवून दिलं. 2024 ला त्यांच्यावर हिंदी सिनेमा आला तेव्हा तर ज्याच्या त्याच्या स्टेटसला तेच. जिद्द, गोळ्या, हार मानली नाही वगैरे. सगळं खरंच आहे. पण त्या सगळ्या गदारोळात एक गोष्ट कुणी बोलताना दिसलं नाही म्हणून लिहितोय, लांबणार आहे, चहा घेऊन बसा.

नुसतं ते खेळले काय काय ते बघा. सैन्यात ईएमईला, म्हणजे यंत्रं-गाड्या दुरुस्त करणाऱ्या दलात होते तेव्हा बॉक्सिंग. 1965 च्या युद्धात गोळ्या लागल्या, एक मणक्यात अडकली, कमरेखालचं अंग गेलं. बॉक्सिंग संपलं. उपचार चालू असताना व्यायाम म्हणून पाण्यात उतरवलं, तिथनं पोहणं सुरू झालं. पण 1968 ला तेल अवीवच्या पॅरालिम्पिकला गेले ते टेबल टेनिस खेळायला! पहिली फेरी काढली, पुढं काही झालं नाही. आणि चार वर्षांनी जर्मनीत हायडेलबर्गला 50 मीटर फ्रीस्टाइल 37.33 सेकंदात, गोल्ड आणि वर्ल्ड रेकॉर्ड. त्याच स्पर्धेत भालाफेक, नेम धरून भाला टाकायचा तो प्रिसिजन जॅव्हलिन आणि व्हीलचेअरची स्लॅलम म्हणजे अडथळ्यांतनं खुर्ची काढायची, या तिन्हीत पण फायनलला.

आता मला सांगा, 1968 ला टेबल टेनिसमध्ये बाहेर पडल्यावर कुणी म्हणलं असतं की बाबा झालं तुझं खेळणं, आता गप घरी बस, तर ते गोल्ड कुठनं आलं असतं? जिद्द तेवढीच होती की दोन्ही वेळेला. फरक एवढाच की माणसाला दुसरा खेळ करून बघायला मिळाला. पाणी मिळालं, पाण्यात उतरवणारी माणसं मिळाली, परदेशी पाठवायला विजय मर्चंट यांच्यासारखा क्रिकेटमधला मोठा माणूस मागं उभा राहिला. सिनेमा बघून आपण जिद्द तेवढी घरी घेऊन आलो आणि स्विमिंग टँक तिथंच सोडून आलो.

माझं कुपवाड एमआयडीसीत छोटं फॅब्रिकेशनचं वर्कशॉप आहे, त्यामुळं हा विषय माझ्याकडं लोखंडाच्या वाटेनं आला. एका गिऱ्हाइकाचा पोरगा, नववीला, ट्रॉलीवरनं पडून मणक्याला मार बसला. वडील त्याची खुर्ची घेऊन आले, "दादा, पुढचं चाक सारखं अडकतंय, बघा जरा." खुर्ची म्हणजे ती हॉस्पिटलात असते तसली, खालनं कैचीसारखी घडी होणारी, रेक्झिनचं सीट मधी खोल गेलेलं, भरीव टायर, उचलायला दोन माणसं लागतील असं वजन. पोरगा त्यात बसला की कंबर एका बाजूला कलायची, खांदे वर. चाक फिरवायला हात नीट पोचायचा नाही कारण हँडरेस्ट मधी येतंय. मोठ्या माणसाच्या मापाची खुर्ची, दुसरं काय. त्याच्या अंगठ्याच्या मुळाशी घट्टे पडलेले, आमच्या पोरांना ग्राइंडर धरून पडतात तसले.

मग मी रात्री बसून खेळाच्या खुर्च्यांचे फोटो आणि व्हिडिओ बघायला लागलो. धंद्याची सवय, जॉइंट बघितल्याशिवाय झोप येत नाही. बास्केटबॉलच्या खुर्चीला घडीच नसते, सलग फ्रेम, चाकं वरनं आत आणि खालनं बाहेर कललेली, त्यानं खुर्ची जागेवर गर्रकन वळते आणि धडक बसली तरी पटकन उलटत नाही, मागं एक बारकं चाक मागं कोसळू नये म्हणून. रेसिंगची खुर्ची तीन चाकांची, लांबलचक, माणूस त्यात गुडघ्यावर वाकून बसतो. भाला आणि गोळा टाकायची तर खुर्चीच म्हणता येणार नाही, ते चाकाबिगर स्टूल, उशी धरून उंची 75 सेंटीमीटरच्या आत पाहिजे असा नियम, पट्ट्यांनी जमिनीला बांधून टाकायचं. 2016 ला रिओमध्ये दीपा मलिक यांनी 4.61 मीटर गोळा टाकून सिल्व्हर घेतलं ते असंच बसून. त्या पण पोहणं, भाला असं सगळं करत करत गोळ्यापर्यंत आलेल्या. (आणि ती कललेली चाकं घराच्या दारातनं आत येत नाहीत हा एक वेगळाच ताप. रोजची खुर्ची वेगळी, खेळायची वेगळी. म्हणजे खर्च डबल. बाहेरनं मागवलेली रेसिंगची खुर्ची तर लाखाच्या वरच जाते.)

परदेशातले खेळाडू बघितले तर डोकं चक्रावतं. अलाना निकोल्स, अमेरिकेची, 2008 ला बीजिंगला व्हीलचेअर बास्केटबॉलचं गोल्ड आणि 2010 ला व्हँकुव्हरला बर्फावर बसून स्कीइंगचं गोल्ड. ओक्साना मास्टर्स, ती पण अमेरिकेचीच, तिनं रोइंगमध्ये म्हणजे नाव वल्हवण्यात मेडल घेतलं, पाठीच्या दुखापतीनं रोइंग सोडावं लागलं, तर स्कीइंग, बायथलॉन (स्कीइंग आणि नेमबाजी एकत्र), हातानं चालवायची सायकल, सगळ्यात मेडलं. कुणी म्हणेल ती अमेरिका आहे दादा. आहेच. पण दुखापत झाली तर दुसरा खेळ तयार होता, हॉल होता, शिकवणारं होतं, हे बघा की. खांदे आणि छाती एकदा तयार झाली की ती ताकद एका खेळातनं दुसऱ्यात नेता येते, बसून खेळणाऱ्याचं सगळं इंजिन तिथंच असतं.

आणि आपल्याकडं? त्या पोराला वडील पोहायला घेऊन गेले. कुठल्या टँकवर ते लिहित नाही, कारण दुसरीकडं काही वेगळं झालं असतं असं मला वाटत नाही. गेटवरच्या माणसानं चांगल्या शब्दांत सांगितलं, "काका, काही झालं तर जबाबदारी कुणाची? आणि आत पायऱ्या आहेत." त्याचं पण चुकलं म्हणत नाही, तो पगारी माणूस. पण पायऱ्या आहेत हे आपण असं सांगतो की जणू त्या देवानंच घालून दिल्यात. 2016 च्या दिव्यांग हक्क कायद्यात कलम 30 नुसतं खेळावर आहे, खेळाच्या सोयी त्यांना वापरता येतील अशा नव्यानं करा असं त्यात लिहिलंय. दहा वर्षं होत आली. माझ्याकडं रॅम्पच्या रेलिंगच्या ऑर्डरी येतात त्या बँका आणि दवाखान्यांच्या, मैदानाची एक पण आलेली नाही.

आपण कृष्णेच्या घाटावर पाठीला डबा बांधून पोहायला शिकलेली माणसं (आता मगरींमुळं कुणी सोडत नाही तो भाग वेगळा). धडधाकट पोरगा तालमीत जातो, कंटाळला की कबड्डी, नाही जमलं तर क्रिकेट, उंची वाढली की व्हॉलीबॉल. त्याला कुणी विचारत नाही की तुझं ध्येय काय. खुर्चीवरच्या पोराला मात्र पहिल्या दिवशी विचारतात, मेडल आणणार का? अरे त्याला आधी घाम तर येऊ दे. आटपाडीच्या सचिन खिलारींनी 2024 ला पॅरिसच्या पॅरालिम्पिकला 16.32 मीटर गोळा टाकून सिल्व्हर आणलं तेव्हा पण आपण सत्कार जोरात केले. सत्काराला आपण कधीच कमी पडत नाही. पेटकरांना पद्मश्री 2018 ला, अर्जुन पुरस्कार (जीवनगौरव) तर 2025 उजाडल्यावर, वयाच्या ऐंशीत.

एक कोच मित्र म्हणला, हल्ली एकच खेळ धरावा लागतो, 1972 चा जमाना गेला, आता एकेका प्रकारात मरणाची स्पर्धा आहे. बरोबर आहे, वरच्या लेव्हलला तसंच आहे. पण एक खेळ धरायला आधी दोन-चार हाताला लागून गेले पाहिजेत ना, नाहीतर निवडणार कशातनं?

तर सध्या एवढं झालंय. त्याची रोजची खुर्ची कापून सीट त्याच्या मापाचं केलं, हँडरेस्ट काढून टाकले, आता हात चाकावर सरळ पोचतो. गोळा टाकायचं स्टूल चौकोनी पाइपात बनवलंय, पट्टे ट्रकच्या ताडपत्रीचे. पोरगा गोळ्यात फार रमला नाही, त्याला टेबल टेनिस खेळायचंय म्हणतो. सांगली-मिरजेत कुणाकडं टेबल असलेला हॉल आहे का, तळमजल्यावर, दार रुंद असलेला, आठवड्यातनं दोन संध्याकाळी मिळाला तरी चालेल. आणि ज्या टँकवाल्यांना पायरीशेजारी रेलिंग आणि उतार करून घ्यायचाय त्यांनी मला मेसेज टाका, मजुरी घेणार नाही, पाइप तेवढा तुमचा.