सीवर्ड, अलास्का आणि ९९ वर्षांचा भाडेपट्टा

नववीत शिकणाऱ्या माझ्या भाचीने वक्तृत्व स्पर्धेसाठी लिहिलेले भाषण परवा मला वाचायला दिले. त्यातला निम्मा मजकूर आमच्या नातेवाइकांच्या व्हॉट्सअ‍ॅप गटावर फिरणाऱ्या एका संदेशातून जसाच्या तसा उतरवलेला होता. तो संदेश थोडक्यात असा: विल्यम सीवर्ड नावाच्या एका सामान्य वकिलाने, सारी अमेरिका हसत असताना, एकही माणूस राहत नसलेला बर्फाळ अलास्का रशियाकडून ९९ वर्षांच्या भाडेपट्ट्याने घेतला, मोबदल्याचे सोने नेणारे जहाज बुडाले, सीवर्ड अपमानित होऊन मेला, आणि पुढे क्लोंडाइकला सोने सापडल्यावर हसणाऱ्यांची तोंडे बंद झाली. शेवटी ‘जग हसले तरी ध्येय सोडू नका’ हे आलेच.

भाडेपट्ट्याची गोष्ट रचणाऱ्याने मूळ करार उघडण्याचेही कष्ट घेतलेले नाहीत. ३० मार्च १८६७ रोजी पहाटे वॉशिंग्टनमध्ये सह्या झालेला हा करार अवघ्या सात कलमांचा आहे आणि पहिल्याच कलमात रशियाचा सम्राट अमेरिका खंडावरील आपला सर्व प्रदेश देऊन टाकतो. त्यात मुदती आहेत त्या ७२ लाख डॉलर चुकते करण्यासाठी दहा महिन्यांची आणि रहिवाशांना हवे असल्यास रशियाला परतण्यासाठी तीन वर्षांची. शिवाय ९९ वर्षांचा पट्टा असता तर तो १९६६ मध्येच संपला असता, आणि शीतयुद्धाच्या ऐन भरात सोव्हिएत संघ त्याबद्दल चकार शब्द न काढता गप्प बसला असता, हे कोणाला पटावे? बुडालेल्या जहाजाबद्दल एवढेच सांगणे पुरे की रक्कम धनादेशाने दिली गेली. १ ऑगस्ट १८६८ चा तो धनादेश अमेरिकेच्या राष्ट्रीय अभिलेखागारात आजही आहे.

काही वृत्तपत्रांनी खिल्ली उडवली आणि ‘सीवर्डचा वेडेपणा’ हा शब्दप्रयोग रूढ झाला, हे मान्य करावे लागते. पण सारी अमेरिका हसत होती म्हणावे, तर सिनेटने तो करार ३७ विरुद्ध २ मतांनी मंजूर कसा केला?

मला खरा राग आहे तो ‘एकही माणूस राहत नसलेला’ या चार शब्दांचा. त्लिंगिट, हैडा, अलेउत, युपिक अशा अनेक समाजांची ती भूमी होती, आणि सिटका येथील रशियन ठाणे त्लिंगिटांनी १८०२ मध्येच उद्ध्वस्त केले होते. करारातही ही माणसे आहेत, फक्त अपमानास्पद रीतीने: तिसऱ्या कलमाने रहिवाशांना नागरिकत्वाचे हक्क दिले आणि ‘असंस्कृत मूळ जमाती’ त्यातून वगळल्या. मूळनिवाशांना सरसकट नागरिकत्व मिळायला १९२४ साल उजाडावे लागले. या करारामुळे त्लिंगिट आणि हैडा लोकांचा जमिनीवरील मूळ हक्क संपला नव्हता, असा निर्णय अमेरिकी न्यायालयाने १९५९ मध्ये दिला आणि १९६८ मध्ये त्यांना ७५ लाख डॉलर मंजूर केले, म्हणजे साऱ्या अलास्काच्या खरेदीपेक्षा तीन लाख अधिक. १९७१ च्या कायद्याने तर सर्व मूळनिवाशांच्या दाव्यांपोटी ४ कोटी ४० लाख एकर जमीन आणि ९६ कोटी २५ लाख डॉलर द्यावे लागले. माणसेच नव्हती, तर हे कोणाला दिले? खुद्द सीवर्ड १८६९ मध्ये तेथे गेले, तेव्हा एका त्लिंगिट प्रमुखाने त्यांना मेजवानी आणि भेटवस्तू दिल्या. रिवाजाप्रमाणे परतफेड झाली नाही, म्हणून त्या लोकांनी सीवर्ड यांची निर्भर्त्सना करणारा लाकडी स्तंभ कोरला. त्याची नवी प्रत सॅक्समन गावात उभी आहे. टोकावर सीवर्ड बसलेले आहेत आणि त्यांचे नाक-कान लाल रंगवलेले आहेत.

आता ‘सामान्य वकील’. हे गृहस्थ न्यूयॉर्कचे गव्हर्नर होते, बारा वर्षे सिनेटर होते, १८६० मध्ये अध्यक्षपदाची उमेदवारी लिंकन यांच्याकडून थोडक्यात हुकल्यावर त्यांच्याच मंत्रिमंडळात परराष्ट्रमंत्री झाले आणि लिंकन यांना गोळी लागली त्याच रात्री अंथरुणावर सुरीचे वार झेलून वाचले. वकिलीच पाहायची तर १८४६ चा खटला पाहावा. एकाच घरातील चौघांच्या हत्येचा आरोप असलेल्या विल्यम फ्रीमन या कृष्णवर्णीय तरुणाला जमाव ठार मारायला निघाला होता, आणि सीवर्ड यांनी, गावाचा रोष पत्करून, तो मनोरुग्ण असल्याचा बचाव विनामोबदला मांडला. ज्युरीने दोषी ठरवले, वरच्या न्यायालयाने तो निकाल रद्द केला, पण फेरसुनावणीपूर्वीच फ्रीमन तुरुंगात मरण पावला. जगाच्या विरोधाला न जुमानणारा माणूस दाखवण्यासाठी याहून चांगला दाखला कोणता? संदेशात तो नाही.

उरलेले दोन मुद्दे किरकोळ आहेत. पद सोडल्यावर सीवर्ड जगप्रवासाला निघाले, १८७१ मध्ये हिंदुस्थानातही येऊन गेले आणि १० ऑक्टोबर १८७२ रोजी ऑबर्न येथे स्वतःच्या घरी वारले. यात अपमान कुठे दिसतो, ते संदेश पाठवणाऱ्यांनीच सांगावे. राहिले सोने. ते अलास्कातही निघाले, जूनोजवळ १८८० मध्ये आणि नंतर नोमला. पण संदेशात ज्या क्लोंडाइकचा डंका पिटला आहे, ते कॅनडात आहे.