ॲडम स्मिथच्या नावावर खपवला जाणारा ‘मोकळा बाजार’

‘स्वार्थ हाच सद्गुण आहे, बाजाराला एक अदृश्य हात सांभाळतो, सरकारने त्यात पडू नये आणि व्यापाऱ्यांना मोकळे सोडावे, हे अर्थशास्त्राचे जनक ॲडम स्मिथ यांनी १७७६ मध्येच सांगून ठेवले आहे’, अशा आशयाचा मजकूर सतत फिरत असतो. त्यातले वर्ष बरोबर आहे. ‘वेल्थ ऑफ नेशन्स’ हा ग्रंथ त्याच वर्षी प्रसिद्ध झाला. बाकीची विधाने ग्रंथाशी ताडून पाहिली पाहिजेत.

पहिला मुद्दा स्वार्थाचा. आपले जेवण खाटीक किंवा पाववाला यांच्या परोपकारातून येत नाही, तर ते स्वतःचे हित पाहतात म्हणून येते, असे स्मिथने लिहिले आहे हे खरेच. पण तिथे तो देवघेव कशी चालते ते सांगतो, स्वार्थाला सद्गुण ठरवत नाही. ‘थिअरी ऑफ मॉरल सेंटिमेंट्स’ या १७५९ च्या ग्रंथाची सुरुवातच, माणूस कितीही स्वार्थी मानला तरी दुसऱ्याच्या सुखदुःखाशी त्याला देणेघेणे असतेच, या विचाराने होते. खाजगी दुर्गुणांतूनच समाजाचे भले होते, या लेखक बर्नार्ड मँडेव्हिलच्या मताचे त्याच ग्रंथात स्मिथने खंडनही केले आहे. हा त्याचा तरुणपणीचा, पुढे सोडून दिलेला विचार होता असेही म्हणता येत नाही, कारण १७९० मध्ये, म्हणजे मृत्यूच्या वर्षी निघालेल्या सहाव्या आवृत्तीत श्रीमंतांविषयीच्या आंधळ्या आदराने नीतिबुद्धी कशी बिघडते यावर त्याने नवे प्रकरण घातले.

अदृश्य हाताची तर मोठीच गंमत आहे. ‘वेल्थ ऑफ नेशन्स’च्या पाच भागांत हा शब्दप्रयोग एकदाच येतो, तोही चौथ्या भागात, आयातीवरील निर्बंधांची चर्चा चालू असताना. आपले भांडवल नजरेच्या टप्प्यात राहावे, ज्यांच्यावर विश्वास टाकायचा ती माणसे आणि दाद मागायची ते कायदे ओळखीचे असावेत, म्हणून व्यापारी ते शक्यतो स्वदेशातच गुंतवतो, आणि त्यातून मनात नसतानाही देशाचे उत्पन्न वाढते, एवढाच तिथला संदर्भ आहे. मागणी-पुरवठ्याने किमती कशा हलतात याचे विवेचन पहिल्या भागात सविस्तर आहे. तिथे मात्र हा हात कुठेच दिसत नाही.

आता सरकार. संरक्षण आणि न्याय यांच्या जोडीला रस्ते, पूल, कालवे आणि सामान्य लोकांच्या मुलांचे शिक्षण ही कामे स्मिथ राज्याकडे सोपवतो. त्याहून बोलके उदाहरण व्याजाचे आहे. कायद्याने व्याजदराला मर्यादा असावी आणि ती बाजारातल्या चालू दराहून थोडीच वर असावी, असे त्याचे मत होते. ती आठ-दहा टक्क्यांवर नेली, तर बहुतेक कर्ज उधळ्यांच्या आणि भलत्या योजना काढणाऱ्यांच्या हाती जाईल, असे कारण तो देतो. या मतावर १७८७ मध्ये इंग्रज तत्त्वज्ञ जेरेमी बेंथॅमने टीका केली, म्हणजे मोकळ्या बाजाराची बाजू इथे बेंथॅमची होती आणि निर्बंधाची स्मिथची. बँकांनी पाच पौंडांखालच्या नोटा काढू नयेत हेच बरे, असेही तो सुचवतो. असे नियम नैसर्गिक स्वातंत्र्यावर घाला घालतात हे तो मान्य करतो, पण आग पसरू नये म्हणून दोन घरांमध्ये भिंत बांधायला लावणे हाही तसाच घाला आहे, असे उत्तर देतो.

शेवटी व्यापारी. त्यांच्यावर स्मिथचा विश्वास होता, ही समजूत कुठून आली ते त्याचा ग्रंथ वाचून तरी कळत नाही. एकाच धंद्यातली माणसे करमणुकीसाठी जरी जमली, तरी बोलणे जनतेविरुद्धच्या कटावर किंवा भाव वाढवण्याच्या युक्तीवर येऊन ठेपते, असे तो लिहितो. ईस्ट इंडिया कंपनीच्या मक्तेदारीवर आणि कारभारावर त्याने कठोर टीका केली आहे. या वर्गाकडून कायद्याचा कोणताही नवा प्रस्ताव आला, तर तो केवळ काळजीपूर्वक नव्हे, तर पुरेपूर संशयाने आणि दीर्घकाळ तपासल्याशिवाय कधीही स्वीकारू नये, असा इशारा देऊनच पहिला भाग संपतो.