रेजिनल्ड रोझबद्दलचा तो मेसेज खोटा आहे

परवा रात्री भाचीने एक मेसेज पुढे ढकलला. ती एकांकिका लिहिते. तिच्या नव्या एकांकिकेतल्या भाडेकरूचं आडनाव एका स्पर्धेच्या आयोजकांनी बदलायला लावलं आणि तिने ते मुकाट बदललं. मेसेजखाली तिने लिहिलं होतं, "मामा, लेखक असे असतात. मी एका आडनावापाशी नमले."

ते वाचून झोप उडाली. मेसेज म्हणतो ते असं: '१२ अँग्री मेन', म्हणजे खुनाच्या खटल्यात निकाल ठरवायला बसलेल्या बारा ज्युरींची गोष्ट, हे मुळात रंगभूमीवरचं नाटक, रेजिनल्ड रोझ नावाच्या वकिलाने लिहिलेलं. त्या काळी अमेरिकन टीव्हीवर लेखक राजा होता, लिहिलं तसं दाखवलं जायचं, त्याच्या संहितेला हात लावायची कुणाची टाप नव्हती. चित्रपट आला तो धो-धो चालला आणि मग रोझने आयुष्यात दुसरं काही लिहिलं नाही, कारण गरजच उरली नाही.

वकिलाचं आधी. रोझ वकील नव्हता. दुसऱ्या महायुद्धात सैन्यात होता, परत आल्यावर जाहिरातींचा मजकूर लिहायचा, आणि १९५१मध्ये त्याची पहिली टीव्ही संहिता विकली गेली. १९५४मध्ये न्यूयॉर्कला सदोष मनुष्यवधाच्या एका खटल्यात त्याला ज्युरी म्हणून, म्हणजे निकाल ठरवणाऱ्या सामान्य नागरिकांपैकी एक म्हणून, बसावं लागलं. त्या बंद खोलीत काही तास जी जुंपली, त्यातून '१२ अँग्री मेन' सुचलं; यापुढे त्याला नुसतं 'बारा' म्हणतो. एवढाच त्याचा कोर्टाशी संबंध.

नाटकाचं म्हणाल तर ते आधी टीव्हीवर झालं. २० सप्टेंबर १९५४, सीबीएसचा 'स्टुडिओ वन' हा कार्यक्रम, थेट प्रक्षेपण. रंगमंचासाठीची आवृत्ती पुढच्या वर्षी आली. सगळं एका खोलीत घडतं, त्यामुळे ते नाटक वाटतं हे मान्य. आपल्याकडे त्यावरूनच बेतलेला बासू चॅटर्जींचा 'एक रुका हुआ फैसला' पाहूनही पुष्कळांचा तोच समज होतो. ही चूक मी माफ करीन.

पण 'हात लावायची टाप नव्हती' हे वाक्य मी सोडणार नाही. भाचीला लागलं ते हेच, आणि सगळ्यात खोटंही हेच.

रोझने १९५६मध्ये आपल्या सहा टीव्ही नाटकांचं पुस्तक काढलं आणि प्रत्येक नाटकामागे स्वतःचं टिपण जोडलं. त्यात 'थंडर ऑन सिकमोर स्ट्रीट'ची हकिकत आहे. हे नाटक 'बारा'च्या सहा महिने आधी, मार्च १९५४मध्ये झालं. १९५१मध्ये शिकागोला लागून असलेल्या सिसेरो गावात एक कृष्णवर्णीय कुटुंब गोऱ्यांच्या वस्तीत राहायला आलं, तेव्हा हजारोंचा जमाव त्या इमारतीवर चालून गेला. शेवटी नॅशनल गार्ड हे राखीव सैन्य बोलवावं लागलं. रोझला हेच लिहायचं होतं. वाहिनी म्हणाली, चालणार नाही. गोऱ्या जमावाने घेरलेला काळा माणूस सहानुभूतीने दाखवला तर दक्षिणेकडच्या राज्यांतले प्रेक्षक बिथरतील, ही भीती. माणूस बदला. रोझने बदलला. कृष्णवर्णीय कुटुंबाच्या जागी तुरुंगातून सुटून आलेला एक गोरा माणूस आला.

म्हणजे तोही नमला. हे त्याने स्वतः लिहून ठेवलंय.

पण नमल्यावर त्याने काय केलं ते नीट पाहा. नाटकाचे तीन अंक, प्रत्येक अंक त्याच रस्त्यावरच्या एकेका घरात. शेजारी कुजबुजताहेत, संध्याकाळी जमून नव्या माणसाला हुसकावून लावायचं ठरतंय. तो माणूस कोण, त्याचा गुन्हा काय, हे रोझने जवळजवळ शेवटपर्यंत सांगितलंच नाही. प्रेक्षक आपापल्या मनाने ती जागा भरत राहिले. नंतर लोकांशी बोलल्यावर त्याला कळलं की कुणाला तो माणूस काळा वाटला होता, कुणाला ज्यू, कुणाला कॅथलिक, कुणाला पोर्तो रिकन, तर कुणाला जुना कम्युनिस्ट. सुटलेला कैदी हा त्याचा खरा अर्थ आहे असं मात्र कुणालाच वाटलं नव्हतं. वाहिनीने काढून टाकलेली गोष्ट प्रेक्षकांनी घरबसल्या परत घातली.

'बारा'मधला आरोपी मुलगा आठवा. तो नेमका कुठल्या समाजाचा, ते एकदाही सांगितलेलं नाही. दहावा ज्युरर 'ही असली माणसं' म्हणत राहतो आणि आपण ओळखतो.

आणि हे एकट्या रोझच्याच वाट्याला आलं असंही नाही. 'बारा'वरच्या १९५७च्या चित्रपटाला ऑस्करची तीन नामांकनं होती. तिन्ही ठिकाणी 'द ब्रिज ऑन द रिव्हर क्वाय' जिंकला. त्याच्या पटकथेचं ऑस्कर मूळ फ्रेंच कादंबरीकाराच्या नावावर गेलं, कारण ती प्रत्यक्षात लिहिणारे कार्ल फोरमन आणि मायकेल विल्सन कम्युनिस्ट असल्याच्या संशयावरून हॉलिवूडच्या काळ्या यादीत होते. त्यांना ते मिळायला १९८४ उजाडलं, तोवर दोघेही गेले होते. राजे म्हणे!

धो-धो चालल्याचं तर सोडाच. 'बारा'च्या चित्रपटाची निर्मिती त्यातला नायक हेन्री फोंडा याने रोझबरोबर स्वतः केली, पण अमेरिकेत तिकीटबारीवर चित्रपटाने निराशाच केली. नाव झालं ते हळूहळू, नंतर.

राहिलं 'दुसरं काही लिहिलं नाही'. १९६१ ते १९६५ चाललेली 'द डिफेंडर्स' ही वकील बाप-लेकाची मालिका रोझने उभी केली. १९६२मध्ये तिच्यात गर्भपातावरचा भाग आला, तर नेहमीच्या तिन्ही प्रायोजकांनी अंग काढून घेतलं. भाग तरीही दाखवला गेला. १९८७मध्ये नाझींच्या सोबिबोर इथल्या मृत्युछावणीतून निसटलेल्या कैद्यांवरचा टीव्ही चित्रपट लिहिला तोही त्यानेच. आणि १९८०च्या 'द सी वुल्व्ज'ची पटकथासुद्धा त्याचीच. १९४३मध्ये मुरगाव बंदरात उभ्या असलेल्या जर्मन जहाजावर कलकत्त्याहून आलेल्या हौशी शिपायांनी घातलेला छापा, ही त्याची गोष्ट. ग्रेगरी पेक आणि रॉजर मूर चित्रीकरणासाठी गोव्यात आले होते.

भाचीला रात्रीच फोन केला आणि सिकमोर स्ट्रीटचे तिन्ही अंक सांगितले. ती बराच वेळ गप्प होती. मग म्हणाली, "मामा, आडनाव बदललं नसतं, नुसतं काढून टाकलं असतं तर?" म्हटलं, लिहून बघ. आज सकाळी दुसरा खर्डा आलाय. भाडेकरूला त्यात आडनावच नाही, आणि घरमालकीण ते तीन वेळा विचारते.