चुटकी

काल रात्री अमेरिकी दिग्दर्शक मार्लन रिग्जची 'टंग्ज अनटाइड' ही काळ्या गे पुरुषांवरची फिल्म पुन्हा पाहिली. १९८९ची, ५५ मिनिटांची. माहितीपट म्हणावा तर त्यात कविता आहेत, रॅप आहे, नाच आहे, कवी एसेक्स हेम्फिलचा तो थंड, धारदार आवाज आहे. आणि चुटक्या आहेत. हो, बोटांच्या चुटक्या! कुठली चुटकी कधी, कुणाच्या तोंडावर, हात किती फिरवून वाजवायची, याचे अगदी गंभीर चेहऱ्याने दिलेले धडे. आमची आजी जांभई आली की तोंडापुढे चुटकी वाजवायची, तेवढीच माझी चुटकीविद्या. इथे एका चुटकीत समोरच्याचा पार पाणउतारा होतो. एकटीच मोठ्याने हसले.

रिग्ज मूळचा टेक्ससचा, कॅलिफोर्नियातल्या बर्कली विद्यापीठात पत्रकारिता शिकवायचा. तो कुणालाच सोडत नाही, हे मला त्याचं फार आवडतं. शाळेच्या आठवणीत पडदाभर नुसती तोंडं दिसतात, ओठ-दात मोजता येतील इतक्या जवळून, आणि त्यातून शिव्या. काही तो काळा म्हणून, काही बायल्या म्हणून. पुढे तो सॅन फ्रान्सिस्कोच्या कॅस्ट्रो भागात येतो. गे पुरुषांचं माहेरघरच ते! पण तिथेही जिकडेतिकडे गोरी शरीरं, काळा माणूस दिसलाच तर व्यंगचित्रासारखा. बरं, आपल्या काळ्या लोकांत परतावं, तर काळा विनोदवीर एडी मर्फी स्टेजवरून गे लोकांची टर उडवतोय आणि प्रेक्षक खिदळताहेत. ती क्लिपच रिग्जने फिल्ममध्ये घातली आहे. इकडे आड, तिकडे विहीर.

१९९१मध्ये ही फिल्म पीबीएस या अमेरिकी सार्वजनिक टीव्हीवर दाखवायचं ठरलं तेव्हा कित्येक स्टेशनांनी हात वर केले. सरकारी कलानिधीतले ५,००० डॉलर तिला मिळाले होते, त्यावरून केवढा गदारोळ! १९९२च्या निवडणुकीत पक्षाच्या उमेदवारीसाठी राष्ट्राध्यक्ष बुशशी भिडलेल्या पॅट बुकॅननने बुशविरुद्धच्या जाहिरातीत तिचे तुकडे वापरले, तेही न विचारता. त्या तुकड्यांत दिसत होते बहुतेक गोरेच. ज्यांची फिल्म, तेच गायब.

एक गोष्ट मात्र खटकते. काळ्या पुरुषाने काळ्या पुरुषावर प्रेम करणं हीच क्रांती, असं फिल्म शेवटी ठणकावून सांगते. रिग्जचा स्वतःचा जोडीदार गोरा होता. त्याचा इथे पत्ताच नाही. यावर तेव्हाही लोक बोलले होते. खासगी बाब म्हणून सोडून द्या, असं कुणी म्हणेल. पण बाकी सगळं आयुष्य उघडं करून ठेवणाऱ्याने नेमकं इथेच तोंड मिटावं?

आपल्याला एचआयव्ही आहे हे फिल्म करत असतानाच त्याला कळलं होतं. काळजाचे ठोके ऐकू येत राहतात, मग एड्सने गेलेल्यांचे फोटो, एकामागून एक. १९९४च्या एप्रिलमध्ये तोही गेला, ३७व्या वर्षी. 'ब्लॅक इज... ब्लॅक एन्ट' ही त्याची शेवटची फिल्म अर्धीच होती, ती सहकाऱ्यांनी पुरी केली. तिच्यात तो इस्पितळाच्या खाटेवरून बोलतो आणि मध्येच झाडांमधून नागडा धावत सुटतो. ती मी एकदाच पाहिली आहे, तीही फार खराब प्रतीत. कुणाकडे बरी प्रत असेल तर कळवा.