भडंग, द्रष्टा आणि काकूंचा फ्रिज

ताईचा पोरगा कॉलेजसाठी आमच्याकडं सांगलीत राहतो, आणि दर रविवारी दुपारी त्याचे चार मित्र येऊन हॉलमध्ये राज्य चालवतात. म्हणजे खेळच, पण साधासुधा नाही. वहीत नकाशा, सात गड, एक बिनसावलीची राणी, आणि वर्षभर धुकं. तारे दिसत नाहीत म्हणून तिथले ज्योतिषी म्हणे उपाशी मेले आणि त्यांच्या जागी भडंगवाचक आले. एक भडंगवाचक कमी पडत होता. मी पेपर वाचत बसलो होतो, एवढाच काय तो माझा गुन्हा.

"मामा, तू नुसता बसूनच असतोस, तू द्रष्टा हो."

विधी असा. डाव्या हातानं मूठभर भडंग पितळी परातीत उधळायचं. शेंगदाणा अख्खा पडला तर सैन्य येतंय, फुटून दोन डाळी झाल्या तर फितुरी. कढीपत्ता उताणा म्हणजे वाट मोकळी, पालथा म्हणजे दरड. लसणाची करपलेली पाकळी राणीकडं घरंगळली तर कोणीतरी जाणार. मी विचारलं, आणि चुरमुरे? तर पोरगं शांतपणे म्हणालं, "चुरमुरे म्हणजे जनता. त्यांना अर्थ नसतो."

इथवर ठीक होतं. पण वाचलेलं भडंग द्रष्ट्यानंच खायचं, नाहीतर भविष्य खरं होत नाही, असा त्यात एक नियम, आणि पोरांना दर पाच मिनिटाला भविष्य बघायचं असतं, डोंगर चढू का, दार उघडू का, त्या म्हातारीशी बोलू का. अरे बोल की! पण नाही, टाक मामा मूठ. संध्याकाळपर्यंत माझ्या छातीत असली जळजळ, की राणीची फितुरी बाजूलाच राहिली, मी इनोचं पाकीट शोधत फिरतोय. मी त्याला सांगितलं, बुलढाण्यात भेंडवळला अक्षय तृतीयेला घटमांडणी करतात, १८ धान्यं मांडतात आणि दुसऱ्या दिवशी पहाटे कुठलं किती हललं ते बघून पीकपाणी सांगतात, पण ते बघणाऱ्याला खायला लावत नाहीत. तर म्हणतो, "त्यांचं धुक्याचं राज्य नाही ना मामा."

एकदा करपलेला लसूण वाचायच्या आधीच गुपचूप तोंडात टाकला, तर द्रष्ट्यानं पुरावा गिळला म्हणून तीन डाव अंधारकोठडी मिळाली. खरं सांगू, ते तीन डाव फार सुखाचे गेले.

खरा घोळ जुलैच्या शेवटी झाला. पाऊस थांबेना, कोयनेतनं विसर्ग वाढवला, आणि सांगलीत अशा वेळी कोणी कोणाला 'कसं काय' विचारत नाही, 'आयर्विनला किती?' असं विचारतात, म्हणजे कृष्णेवरच्या आयर्विन पुलापाशी पाणी किती फूट. ४० फुटाला इशारा, ४५ ला धोका, हे इथं पोरांना पाढ्यांबरोबर पाठ. २०१९ ला ५७ च्या वर गेलं होतं, तेव्हापासून तर प्रत्येक गल्लीत एकेक हवामान खातं आहे. शेजारच्या काकू साखर मागायला आल्या आणि परात बघून थबकल्या.

"भाऊजी, आमचं पण एक बघा की. फ्रिज माडीवर चढवू का?"

म्हटलं काकू, हा पोरांचा खेळ आहे. "असू दे की ओ, टाका तर."

टाकलं. कढीपत्ता पालथा, शेंगदाणा फुटलेला. मी तोंड उघडायच्या आत काकूंनी चारही पोरांना कामाला लावलं, जिना अरुंद, वळणावर फ्रिज अडकला, एकाचं बोट चेंगरलं, तासाभरानं एकदाचा वर गेला.

आणि पाणी ३८ फुटावर येऊन गपकन थांबलं, दुसऱ्या दिवसापासून उतरायला लागलं.

आता दुधासाठी माडी, कोथिंबिरीसाठी माडी, काकूंचे गुडघे आणि माझं नाव, सगळं गल्लीत एकदमच निघतं. भाच्याला म्हटलं, तू तरी सांग त्यांना. तो वही उघडून म्हणाला, "मामा, पालथा कढीपत्ता म्हणजे दरड. पुराचं चिन्ह आपल्यात नाहीच. तू चुकीचं वाचलंस," आणि माझे दहा गुण कापले.

काल काकू परत दारात. हातात स्टीलचा डबा, घरी केलेलं भडंग, वरनं लसूण दिसेल एवढा घातलेला.

"उतरवायचा का, तेवढं बघा."